भाटात परत परत उगवणारं ‘बकथॉर्न’: कोयता उचलण्याआधी काय बघायचं

तक्रार दरवर्षी तीच आणि महिनाही तोच. दिवाळी झाली, काजूच्या भाटात (बागायतीत) बेणणी, म्हणजे झाडाझुडपांची कापणी-साफसफाई, सुरू झाली की माझ्या फोनवर फोटो यायला लागतात. एक पान, फार तर दीड पान, मागे कुणाचा तरी अंगठा. खाली मजकूर: ‘दरवर्षी कापतो, पावसात दुप्पट होऊन येतं. ॲप बकथॉर्न म्हणतंय. काय मारायचं?’

मी कृषी अधिकारी नाही. गोव्यातल्या सत्तरी तालुक्यात वडिलोपार्जित काजूचं भाट आहे, कॉलेजात वनस्पतिशास्त्र घेतलं होतं आणि या काटेरी मंडळींशी पंधरा-सोळा वर्षं भांडतोय, एवढीच माझी पात्रता. त्यातली पहिली सहा-सात वर्षं मी चुकीच्या पद्धतीनं भांडलो. म्हणून एकदाच सगळं लिहून ठेवतो.

आधी त्या नावाचा घोळ

फोटोवरून झाड ओळखणारं ॲप खोटं बोलत नाही, अर्धवट बोलतं. बोर, तोरण, येरुणी, घोटबोर ही सगळी ऱ्हॅम्नेसी कुळातली. इंग्रजीत या अख्ख्या कुळालाच बकथॉर्न कुटुंब म्हणतात. म्हणजे ॲपनं तुम्हाला झाडाचं नाव सांगितलेलं नाही, आडनाव सांगितलंय. वाळपईच्या बाजारात उभं राहून ‘ओ गांवकर!’ अशी हाक मारून बघा, किती जण वळतात ते कळेल.

खरी गडबड पुढे होते. तुम्ही ते आडनाव घेऊन इंटरनेटवर उपाय शोधता आणि उपाय मिळतो तो भलत्याच झाडाचा. अमेरिकेत ज्याच्या नावानं लोक खडे फोडतात ते ऱ्हॅम्नस कॅथार्टिका, म्हणजे कॉमन बकथॉर्न. मूळ युरोप आणि पश्चिम आशियाचं. एकोणिसाव्या शतकात कुंपणासाठी म्हणून तिकडे नेलं आणि ते कुंपण सोडून रानात शिरलं. शरद ऋतूत बाकीची झाडं पानं गाळतात तरी हे हिरवंच राहतं, त्यामुळे त्याच्या सावलीत दुसरं काही वर येत नाही. वर ओट पिकाच्या तांबेरा रोगाला आणि सोयाबीनवरच्या माव्याला आसरा देतं. मिनेसोटासारख्या राज्यात त्याच्या विक्रीवर बंदी आहे. त्याची काळी फळं खाल्ली तर पोट साफ होतं, नको तितकं साफ होतं. ‘कॅथार्टिका’ हे नाव त्यावरूनच पडलं. पण हे थंड मुलखातलं झुडूप. आपल्या जांभ्या दगडावर, मार्च महिन्यातल्या उन्हात आणि जुलैच्या पावसात ते आपसूक उगवून यायची धास्ती बाळगू नका.

दुसरा घोळ सी बकथॉर्नचा. गेल्या वर्षी एका चुलतभावानं मेरेवरच्या (भाटाच्या हद्दीवरच्या) काटेरी झुडपाची फळं दाखवून विचारलं, ‘याचाच रस लडाखहून बाटलीत येतो ना? हजार रुपये लिटर?’ नाही रे बाबा. ते हिप्पोफी, त्याचं कुळही वेगळं. पानं अरुंद, चंदेरी झाक असलेली. फळं नारिंगी, फांदीला चिकटून लगडलेली. लडाखच्या नदीकाठच्या वाळूत वाढतं. नावात बकथॉर्न आहे म्हणून ते या कुळातलं होत नाही, जसा पाणघोडा घोड्यांत मोडत नाही.

खऱ्याखुऱ्या ऱ्हॅम्नस वंशातलं झुडूप आपल्या सह्याद्रीतही आहे, रक्तरोहिडा. महाबळेश्वरसारख्या उंच माथ्यांवर मिळतं, साल औषधाला वापरतात. काजूच्या भाटात ते दिसायचं नाही. मग तुमच्या भाटात जे आहे ते काय?

डोळ्यांआधी हात

फोटोवरून ओळख चुकते, कारण फोटोत पान दिसतं आणि खरी खूण पानाच्या बुडाशी असते. फांदी हातात घ्या. हातमोजे असतील तर घाला, नसतील तर फांदी टोकाकडून पकडा. काटे मागे वळलेले असतात, टोकाकडून बुडाकडे हात नेलात तर ते सहसा लागत नाहीत. उलट ओढलीत तर मात्र रक्त ठरलेलं.

पहिली गोष्ट, पानं समोरासमोर आहेत की एक सोडून एक? या एका प्रश्नावर निम्मे फोटो बाद होतात. बोर, तोरण, येरुणी यांची पानं एक सोडून एक येतात. समोरासमोर जोडीनं पानं दिसली तर तुम्ही बहुतेक घाणेरी, करवंद, गेळ किंवा रानमोडी यांपैकी काहीतरी धरून बसला आहात. घाणेरीचं खोड चौकोनी, पान चुरगाळलं की नावाला जागणारा वास. करवंदाचं पान तोडलं की पांढरा चीक येतो, आणि त्याच्या काट्याला पुष्कळदा दोन फाटे असतात. गेळाचा काटा सरळ, जाड, पानाच्या बगलेतून आलेला. रानमोडीला काटे नाहीत, पण पानावर बुडापासून तीन ठळक शिरा असतात. ॲप तिच्यावरच फसतं असा माझा अंदाज आहे.

दुसरी गोष्ट, त्या तीन शिरा. पान उजेडासमोर धरा. देठ जिथे पानाला मिळतो तिथूनच तीन मुख्य शिरा निघतात, एक मधली आणि दोन बाजूच्या, आणि बाजूच्या दोन्ही पानाच्या कडेकडेनं टोकापर्यंत वळत जातात. बोराच्या पानावर लहानपणी सगळ्यांनी हे पाहिलंय, फक्त लक्षात ठेवलं नाही. पण निव्वळ तीन शिरांवर भरवसा ठेवू नका. दालचिनीच्या जातीच्या रानटी झाडांनाही तीन शिरा असतात (पान चुरगाळा, वासावरून कळेल). आणि काजऱ्याला, म्हणजे आपल्या काजरोला, तीन ते पाच. काजऱ्याचं पान तुकतुकीत, समोरासमोर, आणि बी जहाल विषारी. भाटात लहान मुलं फिरत असतील तर हा फरक त्यांना सगळ्यांत आधी शिकवा. माझ्या पुतण्यानं एकदा काजऱ्याचं नारिंगी फळ ‘छोटं संत्रं’ म्हणून खिशात घालून आणलं होतं, तेव्हा घरात जो गोंधळ झाला तो मी अजून विसरलेलो नाही.

तिसरी गोष्ट काटा, आणि तो कुठून निघालाय. या कुळातल्या आपल्या बोरवर्गीयांचा काटा म्हणजे पानाच्या देठाच्या बुडाशी असलेल्या उपपर्णांचं रूपांतर. त्यामुळे तो देठाच्या अगदी पायथ्याशी, बाजूला बसतो. बोराला अनेकदा जोडी असते, एक सरळ आणि एक आकडा. म्हणून बोरीत हात घातला तर सरळ काटा टोचतो आणि मागे घेताना आकडा अडकवून ठेवतो. तांबटाचीही पानं एक सोडून एक येतात, पण त्याचा काटा सरळ, लांब, फांदीच्या तुकड्यासारखा, पानाच्या बगलेतून निघतो आणि फळात बिया बऱ्याच असतात. चिलार आणि शिकेकाईचे आकडे सारखेच वाटतात, पण त्यांची पानं बारीक बारीक पर्णिकांची, चिंचेच्या थाटाची. एकदा बघितली की गोंधळ संपतो.

चौथी खूण फुलांची. ती मला मनापासून आवडते, जरी तिच्यासाठी भिंग लागतं. सोनार वापरतात तसलं दहापट भिंग शंभर-दोनशे रुपयांत मिळतं, घेऊन ठेवा. बोराचं फूल हिरवट-पिवळं, ज्वारीच्या दाण्याएवढं. बहुतेक फुलांत पुंकेसर दोन पाकळ्यांच्या मधल्या फटीत उभे असतात. इथे तसं नाही. प्रत्येक पाकळी चमच्यासारखी खोलगट, आणि तिच्या नेमका पुढ्यात एक पुंकेसर, जणू पाळण्यात निजवलाय. मध्ये चकचकीत गोल चकती, मधाची. पाकळीपुढचा पुंकेसर ही अख्ख्या ऱ्हॅम्नेसी कुळाची सही. आता गंमत अशी की आपल्या तोरणाला पाकळ्याच नसतात! पुंकेसर मात्र जागच्या जागी, दोन निदलांच्या मधोमध. पाळणा गेला, बाळ तिथेच.

आणि हो, ‘साल नखानं खरवडा, आत नारिंगी दिसलं तर बकथॉर्न’ ही जी युक्ती सगळीकडे फिरते, ती त्या युरोपियन झुडपाची. इथे लावायला जाऊ नका.

मग नेमकं कोण?

या खुणांतून उरलेल्या, आमच्या पट्ट्यातल्या दहातल्या आठ फोटोंत तोरण असतं. कोंकणीत चुन्नां. शास्त्रीय नाव झिझिफस रुगोसा. पान तळहाताएवढं रुंद, बुडाशी जरा तिरकं, कडेला बारीक दाते. ते उलटं करून अंगठा फिरवा: मऊ, मखमली, तांबूस-पिवळट लव. ही लव एकदा हाताला कळली की पुढच्या वेळी पान न बघताही सांगता येईल. काटा बहुधा एकेकटा, आखूड, रुंद बुडाचा, मागे वळलेला. झुडूप आधाराला काही मिळालं तर चढतं, नाही मिळालं तर स्वतःवरच कोसळत जाळी करतं. हिवाळ्याच्या शेवटी फुलोरा येतो आणि मार्च ते मे पांढरी, वाटाण्यापेक्षा जरा मोठी फळं. गर पिठूळ, गोडसर, आत एकच बी. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात उन्हाळ्यात करवंदांच्या शेजारी पानाच्या द्रोणात दिसतात ती हीच.

येरुणी, झिझिफस ओनोप्लिया, त्या मानानं किरकोळ अंगाची पण स्वभावानं जास्त वाईट. पान दोन बोटांएवढं, निमुळतं, मधल्या शिरेच्या दोन बाजू असमान, खालून रेशमी. काटे बारीक आकडे. झाडावर चढते, काजूच्या खालच्या फांद्यांत गुंतते आणि बिया गोळा करताना शर्टाची बाही सोडत नाही. फळ काळं, चकचकीत, मिरीपेक्षा थोडं मोठं, पावसाळा सरल्यावर पिकतं. बुलबुल त्यावर तुटून पडतात, आणि नवी येरुणी कुठे उगवणार ते तेच ठरवतात.

साधं बोर सगळ्यांना माहीत. पान खालून पांढुरकं, लोकरीसारखं. घोटबोर आतल्या कोरड्या रानात, फळ लाकडासारखं टणक. ते काजूच्या भाटात उपद्रव देत नाही, त्यामुळे त्याच्यावर वेळ घालवत नाही. खांडवेल मात्र सांगायला हवी, कारण ती याच कुळातली असून तिला काटे नाहीत: मोठी लाकडी वेल, फळाला चपटा लांब पंख, मुळाच्या सालीतून पूर्वी लाल रंग काढत. काटे नाहीत म्हणून ती या कुळातली नाही असं समजू नका, आणि काटे आहेत म्हणून दुसरं कुणी या कुळातलं ठरत नाही.

कापल्यावर दुप्पट का येतं?

याचं उत्तर मला भाटात नाही, सोलापूरकडे सापडलं. मंगळवेढ्याच्या बाजूला एका ओळखीच्यांची बोराची बाग बघायला गेलो होतो, एप्रिल अखेर. बघतो तर झाडं मुंडी छाटलेली, नुसते खुंट. मी म्हटलं, ‘काका, रोग पडला काय?’ ते हसले. ‘रोग कसला, दरवर्षीची छाटणी. बोराला फळ नव्या फुटीवर येतं. जेवढं जोरात छाटाल तेवढी जोमदार फूट.’

मी तिथेच गप्प झालो. सात वर्षं मी माझ्या तोरणांची छाटणी करत होतो आणि ती मरतील म्हणून वाट बघत होतो.

हे झाड खोडात जगत नाही, मुळात जगतं. जमिनीलगत जो गड्डा असतो, त्यावर झोपलेले डोळे, म्हणजे फूट यायच्या जागा, असतात. वरचा शेंडा आहे तोवर ते झोपलेले राहतात, शेंडा उडाला की एकदम पाच-सहा जागे होतात. एका खोडाची सहा खोडं होतात ती अशी. आणि आपण कापतो कधी? नोव्हेंबर-डिसेंबरात, म्हणजे चार महिने पाऊस पिऊन, पानांनी कमावलेलं सगळं मुळात जमा करून झालं की. पगार बँकेत जमा झाल्यावर चोरानं रिकामं पाकीट मारावं, तसला हा प्रकार. मुळाला काही फरक पडत नाही.

त्यावर कापलेला काटेरी पसारा जागच्या जागी पेटवला तर आणखी बरं, म्हणजे झुडपाच्या दृष्टीनं. आजूबाजूचं गवत, कोवळी रोपं जळतात, मोकळी उन्हाची जागा मिळते आणि जमिनीखालचा गड्डा शाबूत. तोरण ही रानाच्या कडेची, उजेड आवडणारी वनस्पती. तुम्ही तिला उजेडच देता.

आणि बी? ती पक्षी आणतात, कोल्हे आणतात, कांडेचोर (उदमांजरं) आणतात. काजूच्या झाडाखाली रोपं जास्त का, तर वर फांदीवर बसून बुलबुल शिटतात म्हणून. त्यावर उपाय नाही. असता तरी मी केला नसता.

माझी फसगत

सातव्या का आठव्या वर्षी मी ग्रास कटरला गोल पातं लावून सगळं साफ केलं. मेरेवरची जाळीसुद्धा, जिला कुणी कधी हात लावला नव्हता. डिसेंबरात. भाट अंगणासारखं दिसत होतं, फोटो काढून सगळ्यांना पाठवले.

एप्रिलमध्ये वाड्यावरची एक म्हातारी मावशी टोपली घेऊन मेरेशी उभी. ‘बाबा, चुन्नां खंय गेलीं रे?’ तिचा दरवर्षीचा ठरलेला फेरा असायचा, चार-पाच जाळ्या, त्यातली आमची सगळ्यांत मोठी. मला वाटलं होतं फळं आपली येतील, नवी फूट आली की. पण तोरण फुलतं तेच मुळी हिवाळ्याच्या शेवटी. डिसेंबरात फुलोऱ्याच्या फांद्याच कापल्या, मग एप्रिलात फळ कुठून? पुढच्या जूनमध्ये मात्र भाटाच्या आत तोरणांची फूट गुडघ्यापर्यंत. जिथे हवं होतं तिथलं गेलं, जिथे नको होतं तिथलं वाढलं. शिवाय मेर उघडी पडल्यामुळे शेजारची गुरं आत आली आणि त्यांनी दोन वर्षांची काजूची कलमं चघळली, ती वेगळीच.

आता करतो ते

सुरुवात ठरवण्यापासून. मेरेवरची, ओहळाच्या काठची, रानाला लागून असलेली जाळी मी हात न लावता ठेवतो. काट्यांची जिवंत वई (कुंपण) आयती मिळते आणि माती धरून राहते. कॉमन पिएरो नावाचं पांढऱ्यावर काळे ठिपके असलेलं छोटं फुलपाखरू बोरवर्गीय झाडांवरच अंडी घालतं. ऑक्टोबरात त्या जाळीपाशी ती इतकी असतात की मी चहा घेऊन तिथेच बसतो. काढायची ती फक्त काजूच्या झाडांमधली आणि वाटेवरची.

रोपं पावसातच उपटायची. जून-जुलैत माती लोण्यासारखी झाली की वीतभर उंचीची रोपं मुळासकट निघतात. पान धरून ओढू नका, तुटतं. जमिनीलगत मान धरा. हेच रोप डिसेंबरात उपटायला गेलात तर जांभ्यात दात रोवून बसलेलं असतं. एका माणसाला सकाळच्या दोन तासांत बऱ्यापैकी पट्टा होतो. पावसात भाटात जायचा कंटाळा सगळ्यांना येतो, जळवा असतात, साप असतात, हे मान्य. गमबूट घाला, हातात काठी ठेवा.

मधल्या आकाराची झुडपं, अंगठ्याएवढी जाड, जमिनीलगत कापायची चूक करू नका. गुडघ्याएवढं खोड ठेवा. ते तुमचं हँडल. पिकासानं भोवतीची माती सैल करा, पहार गड्ड्याखाली घाला आणि खोड धरून वाकवा. गड्डा बाहेर आला पाहिजे. नुसती मुळं राहिली तर कधीमधी फुटतात, गड्डा राहिला तर हमखास फुटतो. निघालेला गड्डा उलटा करून दगडावर ठेवायचा. मातीत टेकला तर पावसात परत रुजू शकतो.

कातळाच्या फटीतली मोठी खोडं खणून निघत नाहीत. त्यांच्यासाठी दोन वाटा. एक, कापण्याची वेळ बदला. नवी पालवी पूर्ण उलगडली, पण अजून कोवळी आहे, तेवढ्यात कापायचं. तोवर झाडानं मुळातला साठा खर्च केलेला असतो आणि परतफेड सुरू झालेली नसते. आमच्याकडे पहिली खेप जूनच्या शेवटी, मग परत फूट आली की ऑगस्टात, मग नेहमीच्या बेणणीत, आणि काजू पडायला लागण्याआधी फेब्रुवारीत एकदा. अशी दोन वर्षं. एक खेप चुकली तर मुळं तेवढ्यात साठा भरून घेतात, म्हणून सगळं भाट एकदम हाती घेऊ नका. जेवढं चारदा जमेल तेवढाच तुकडा घ्या.

दुसरी वाट, अंधार. खोड जमिनीपासून चार बोटांवर कापायचं, वर जाड काळं प्लास्टिक, दोरीनं घट्ट आवळायचं आणि कडांवर चिऱ्याचे तुकडे. वर्षभर उघडायचं नाही. ही युक्ती तिकडे अमेरिकेत कॉमन बकथॉर्नच्या खुंटांवर वापरतात. नाव चुकलं असलं तरी तत्त्व इथेही चालतं: फूट येते, उजेड मिळत नाही, मुळातला साठा संपतो. माझ्याकडे बहुतेक खुंटांवर चाललं. जिथे उंदरांनी प्लास्टिक कुरतडलं तिथे नाही.

तणनाशकाबद्दल विचारणाऱ्यांना माझं उत्तर नेहमी सारखंच असतं, नको. २०२२च्या ऑक्टोबरात केंद्र सरकारनं ग्लायफोसेटचा वापर कीड नियंत्रण चालकांपुरता मर्यादित करणारी अधिसूचना काढली, तेव्हा दुकानातून कॅन आणून स्वतः मारणं हा प्रश्नच उरत नाही. शिवाय आपल्या बोंडूंचा (काजूच्या फळांचा) रस निघतो, त्याची हुर्राक आणि फेणी ही दारू होते. त्या जमिनीवर काय ओतायचं याचा विचार करा. एखाद्या ठिकाणी अगदीच आवाक्याबाहेर गेलं असेल तर विभागीय कृषी कार्यालयात माणूस बोलावून घ्या, जागा दाखवा.

आणि बोर वाढून झाडच झालं असेल तर कोयता आवरा. गोव्यात १९८४चा वृक्ष संरक्षण कायदा आहे, झाड तोडायला वन खात्याची परवानगी लागते, जमीन तुमची असली तरी.

येरुणीसाठी वेगळं काही नाही, फक्त क्रम उलटा. ती काजूवर चढलेली असेल तर आधी बुंध्याशी कापा आणि वरचं तसंच वाळू द्या. ओली ओढायला गेलात तर काजूचा मोहोरही तिच्याबरोबर खाली येतो. महिन्याभरात पानं गळली की काठीनं सोडवता येते. मग गड्डा.

ॲपल बोरवाल्यांची तक्रार

ही वेगळी वाटते पण आजार तोच. ‘नर्सरीतून ॲपल बोर आणलं, दोन वर्षं सफरचंदाएवढी फळं दिली, आता गोटीएवढी आंबट बोरं आणि काटेच काटे. नर्सरीनं फसवलं.’ बहुधा नाही फसवलं. कलम रानबोराच्या खुंटावर बांधलेलं असतं. वरचा भाग वाऱ्यानं मोडला, शेळीनं खाल्ला किंवा तुम्हीच छाटणीच्या भरात जोडाच्या खाली कापलं, तर खालचा रानबोर जागा होतो आणि वरच्याला दाबून टाकतो. बुंध्याशी बसून बघा, जोडाची गाठ सापडते. गाठीच्या खालून आलेली फूट पानावरूनच ओळखू येते, लहान, गोलसर, काटे जास्त. ती कोयत्यानं छाटू नका, तिथेही पुन्हा तेच होईल. कोवळी असताना अंगठ्यानं बुडातून मोडून काढा, म्हणजे तिथला डोळाही निघून जातो. गाठीच्या वर काहीच जिवंत नसेल, तर एक जोमदार फूट ठेवून त्यावर जाणकाराकडून डोळा भरून घ्या. मुळं तयार आहेत, झाड उपटायची गरज नाही.

फोटो पाठवायचाच असेल तर

चार पाठवा, एक नको. अख्खं झुडूप, शेजारी माणूस किंवा कोयता ठेवून, म्हणजे आकार कळेल. फांदीचा हातभर तुकडा, पानं कशी लागलीत ते दिसेल असा. पानाची मागची बाजू, उजेडात. आणि देठाच्या बुडाशी काटा, अगदी जवळून. फूल किंवा फळ असेल तर बोनस. पान तोडून पांढऱ्या कागदावर ठेवून काढलेला देखणा फोटो मला काहीच सांगत नाही. तारीख आणि जागा लिहा. सड्यावर (उघड्या कातळमाथ्यावर) की ओहळाकाठी, यानं निम्मं काम होतं. काटा दिसत नसेल तर फांदी उलटी करून बघा, तोरणाचा आकडा पुष्कळदा पानाच्या आडच असतो.